रक्ती खाल्ली की रक्त वाढते का?

“डॉक्टर, रक्त कमी आहे म्हणता, मग रक्ती खाल्ली तर चालेल का?” हा प्रश्न आमच्या दवाखान्यात नेहमी येतो, पण मोठ्या आवाजात कधीच येत नाही. तपासणी होते, चिठ्ठी लिहून होते, बाहेर बाकावर बसलेल्यांना ऐकू जाणार नाही याची खात्री होते आणि मग हळूच विचारणा होते. डॉक्टर हसतील, नाक मुरडतील अशी विचारणाऱ्याच्या मनात धास्ती असते. प्रश्न मात्र अगदी रास्त आहे. म्हणून आज त्याचे उत्तर चारचौघांत, या सदरातूनच देतो.

शाकाहारी वाचकांसाठी आधी थोडे सांगायला हवे. बोकड कापल्यावर निघणारे रक्त भांड्यात धरतात. ते काही मिनिटांत साकळून त्याची वडी होते. ही वडी उकडून, तुकडे करून कांदा, लसूण, मिरची घालून परततात. तीच रक्ती. ग्रामीण महाराष्ट्रात मुंडी, पाय, वजडी यांच्याच रांगेत हा पदार्थ बसतो. आपला जिल्हा तर शेळ्यांचाच. संगमनेरी ही शेळीची जात आपल्या संगमनेरच्या नावाने ओळखली जाते आणि राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठात तिच्यावर संशोधन चालते. गावची जत्रा, कंदुरी, आखाडातले जेवण म्हटले की बोकड आला आणि ज्या घरांत चालते तिथे रक्तीही आली.

लाज कशाची?

रक्ती गरिबाघरचे खाणे. मटणाचा वाटा ज्यांना परवडत नव्हता किंवा ज्यांच्या वाट्याला येऊ दिला जात नव्हता, त्यांनी जनावराचा कोणताही भाग वाया जाऊ न देण्याची कला साधली. मराठवाड्यातील दलित समाजाच्या खाद्यपदार्थांची नोंद शाहू पाटोळे यांनी ‘अन्न हे अपूर्ण ब्रह्म’ या २०१५ साली आलेल्या पुस्तकात केली आहे. ज्या स्वयंपाकाला पाककृतींच्या पुस्तकांत कधी जागा मिळाली नाही, तो त्यात सापडतो. एखादा पदार्थ कोण खाते यावरून त्याची किंमत ठरवण्याची आपली सवय जुनी आहे. शरीराला ती ठाऊक नसते. आतड्याला फक्त लोह, प्रथिने आणि जंतू एवढेच कळते.

शिवाय रक्त खाणारे आपणच नाही. युरोपात स्वीडन नावाचा थंड, श्रीमंत देश आहे. तिथे डुकराच्या रक्तात राय नावाच्या धान्याचे पीठ, दूध किंवा बिअर, काकवीसारखा गोड पाक आणि मसाला मिसळून साच्यात घालून शिजवतात. गार झाल्यावर त्याचे काप करून लोण्यात परततात आणि लिंगनबेरी या आंबट लाल फळाच्या मुरंब्याबरोबर खातात. त्याला तिकडे ‘ब्लुडपुडिंग’ म्हणतात. ते दुकानात पाकीटबंद मिळते, शाळेच्या जेवणातही वाढले जाते आणि त्याची कोणाला लाज वाटत नाही. फार लांब कशाला, शेजारच्या गोव्यातील ख्रिस्ती घरांत सोरपोतेल हा डुकराच्या मांसाचा आंबट पदार्थ होतो. त्यात रक्त घालण्याची जुनी रीत आहे.

अर्थात मुस्लिम व ज्यू धर्मांत रक्त वर्ज्य आहे, शाकाहारी कुटुंबांचा तर प्रश्नच नाही. ज्यांना वर्ज्य आहे त्यांनी औषध म्हणून ते खावे असे मी मुळीच सांगणार नाही. तशी गरजही नाही, ते पुढे येईलच.

रक्तीत लोह किती?

आपले रक्त लाल दिसते ते हिमोग्लोबिनमुळे. फुप्फुसातला प्राणवायू अंगभर पोहोचवणारा हा हमाल. त्याच्या प्रत्येक ग्रॅममध्ये सुमारे ३.४ मिलीग्रॅम लोह असते. निरोगी शेळीच्या १०० मिलीलिटर रक्तात साधारण ८ ते १२ ग्रॅम हिमोग्लोबिन असते. मधला १० हा आकडा धरला तर १०० मिलीलिटर रक्तात ३४ मिलीग्रॅम लोह झाले. तेवढ्याच वजनाच्या पालकात ते जेमतेम ३ मिलीग्रॅम असते, कलेजीत ६ ते ७ च्या आसपास.

दुसरी गोष्ट त्याहून महत्त्वाची. भाजी, डाळ, भाकरीतले लोह आतड्यातून रक्तात जाताना फार अडखळते. शंभरातले पाच-दहा भाग गेले तरी पुष्कळ. जेवणावर लगेच चहा घेतला तर तेवढेही जात नाहीत. रक्तातले लोह मात्र हिमोग्लोबिनमधल्या ‘हीम’ या घटकाच्या रूपातच आत शिरते आणि त्यातले साधारण १५ ते ३५ टक्के अंगी लागते. म्हणजे आपल्या आज्या-पणज्या “रक्ती खा, रक्त भरेल” असे म्हणत, त्यात तथ्य होते. दक्षिण अमेरिकेतील चिली या देशात गाईच्या रक्तातील हिमोग्लोबिनची भुकटी घातलेली बिस्किटे शाळकरी मुलांना देण्याचा कार्यक्रमही झाला होता.

इथवर वाचून कोणी पिशवी घेऊन मटणाच्या दुकानाकडे निघाले असेल, तर जरा थांबा. हिशेब अजून अर्धाच झाला आहे.

पुरता हिशेब

समजा, एका बाईचे हिमोग्लोबिन ८ आहे. ते १२ वर न्यायचे आहे. तिच्या अंगात साधारण ४ लिटर रक्त आहे. दर १०० मिलीलिटरमागे ४ ग्रॅम वाढवायचे, म्हणजे एकूण १६० ग्रॅम हिमोग्लोबिन नव्याने बनवायचे. त्याला लोह लागेल सुमारे ५४० मिलीग्रॅम.

आता ती दर रविवारी अर्धी वाटी, म्हणजे ५० ग्रॅम रक्ती खाते असे धरू. त्यातून १७ मिलीग्रॅम लोह पोटात गेले. त्याचा पाचवा हिस्सा अंगी लागला, म्हणजे साडेतीन मिलीग्रॅम. ५४० ला साडेतीनने भागा. दीडशेच्या वर रविवार लागतात. झाली तीन वर्षे! तीसुद्धा दर महिन्याच्या पाळीतून काहीच रक्त जात नाही असे गृहीत धरून. प्रत्यक्षात पाळीतून, बाळंतपणातून लोह जातच राहते आणि हिशेब कधीच पुरा होत नाही.

सरकारी दवाखान्यात फुकट मिळणाऱ्या लोहाच्या एका गोळीत ६० मिलीग्रॅम लोह असते. त्यातले दहा टक्केच अंगी लागले असे धरले तरी रोजचे ६ मिलीग्रॅम झाले. म्हणजे रोज एक गोळी घेतली तर तेच काम साधारण ९० दिवसांत होते. त्यानंतर अंगातली रिकामी कोठारे भरायला आणखी काही महिने लागतात. म्हणूनच हिमोग्लोबिन वाढले तरी गोळ्या लगेच बंद करू नका असे डॉक्टर सांगतात.

तेव्हा रक्ती हे चांगले अन्न आहे, औषध नव्हे. ज्याचे रक्त ठीक आहे त्याला ते ठीक ठेवायला रक्तीची मदत होईल. ज्याचे आधीच उतरले आहे, त्याला केवळ रक्तीच्या भरवशावर राहता येणार नाही.

हा फरक कधी जिवावर बेततो. सातव्या महिन्यातली एक लेक आमच्याकडे आली होती. पाय सुजलेले, दोन पायऱ्या चढली की धाप. हिमोग्लोबिन भरले ६.८. सोबत सासूबाई होत्या. चांगल्या मायाळू बाई. दर रविवारी सुनेला आवर्जून रक्ती करून घालत होत्या. आशाताईंनी दिलेल्या लाल गोळ्या मात्र फडताळात तशाच पडून होत्या. का? तर “गोळ्यांनी उष्णता होते, शी काळी होते, पोरीला सोसत नाही.” त्यांना म्हटले, “मावशी, तुमच्या हातची रक्ती खाल्ली तरी शी काळीच होते की!” मावशींना ते पटले. मुलीला त्याच दिवशी मोठ्या रुग्णालयात पाठवले. तिथे शिरेतून लोह दिले, पुढे रक्तही चढवले आणि बाळंतपण सुखरूप झाले. गर्भारपणात हिमोग्लोबिन ७ च्या खाली असेल, तर बाळंतपणातला एरवी सोसला जाणारा रक्तस्रावही बाईचा जीव घेऊ शकतो. त्या वेळी रविवारची वाटी कामाला येत नाही.

हे दुखणे घरोघरी आहे. २०१९ ते २१ या काळातील राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत महाराष्ट्रातील १५ ते ४९ वयाच्या सुमारे ५४ टक्के स्त्रियांना आणि ५ वर्षांखालील सुमारे ६९ टक्के बालकांना रक्तक्षय आढळला. आपल्याकडे पाथर्डी-शेवगावकडच्या ऊसतोडीला जाणाऱ्या बायांकडे पाहिले की या आकड्यांमागचे चेहरे दिसतात.

घरी करताना

रक्ती करायचीच तर ती नीट करावी. रोगजंतूंची तपासणी करणाऱ्या प्रयोगशाळेत जंतू वाढवण्यासाठी जी थाळी वापरतात, तिच्यात मेंढीचे रक्त घातलेले असते. जंतूंना त्याहून आवडते जेवण क्वचितच मिळेल. जे प्रयोगशाळेत घडते तेच उन्हाळ्यात जत्रेच्या मांडवात झाकून ठेवलेल्या पातेल्यात घडते. म्हणून काही नियम पाळावेत.

पहिला, जनावर निरोगी व जिवंत कापलेले हवे. पशुवैद्यकाने तपासलेले असेल तर उत्तमच. आपोआप मेलेल्या जनावराचे रक्त किंवा मांस कधीही खाऊ नये. मेलेल्या जनावराचे मांस सोडा, असे डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९२७ साली महाडच्या परिषदेत सांगितले ते स्वाभिमानासाठी. वैद्यकशास्त्राचे म्हणणेही तेच आहे. जनावरांना फाशी नावाचा रोग होतो, त्यालाच अँथ्रॅक्स म्हणतात. त्यात जनावर अचानक मरते, नाका-तोंडातून काळसर रक्त येते आणि ते साकळत नाही. या जंतूंची बीजे साध्या उकळण्याने मरत नाहीत. ओडिशातील कोरापुट भागात मेलेल्या जनावरांचे मांस खाल्ल्याने या रोगाच्या साथी झालेल्या आहेत. म्हणून जे रक्त साकळतच नाही, ते टाकून द्यावे आणि पशुवैद्यकीय दवाखान्यात कळवावे.

दुसरा, रक्त स्वच्छ धरावे. गळा कापताना अन्ननलिकाही कापली जाते. जनावराचे पोट भरलेले असेल तर आतला चारा उलटून रक्तात मिसळू शकतो. जनावर उपाशी ठेवून कापण्यामागे हेही एक कारण आहे. जमिनीवर सांडलेले, केस किंवा शेण लागलेले रक्त घेऊ नये. ओळखीच्या खाटकाला घरून धुतलेले स्टीलचे भांडे द्यावे. त्यात चिमूटभर मीठ चालेल.

तिसरा, वेळ दवडू नये. रक्त घरी आणले की तासाभरात शिजायला लागले पाहिजे. हाताला चीर किंवा जखम असेल तर दुसऱ्या कोणाला करायला सांगावे. खाटिक, मेंढपाळ यांना ब्रुसेलोसिस नावाचा रोग जनावरांच्या रक्तातून व स्रावातून होतो. महिनोन्‌महिने ताप, रात्री दरदरून घाम आणि सांधेदुखी ही त्याची लक्षणे आहेत.

आता कृती. पातेल्यात पाणी खळखळ उकळू द्यावे. साकळलेल्या वडीचे मोठे तुकडे करून त्यात अलगद सोडावे आणि मध्यम आचेवर वीस-पंचवीस मिनिटे उकडावे. वडी बाहेरून तपकिरी, टणक होते. एक तुकडा मधोमध कापून पाहावा. आत लाल रंग किंवा पातळपणा दिसला तर अजून उकडावे. आतपर्यंत चॉकलेटी रंग आला की समजावे शिजले. पाणी ओतून द्यावे व बारीक तुकडे करावेत. कढईत बेताचे तेल, भरपूर कांदा, ठेचलेले लसूण-आले, हिरवी मिरची, हळद आणि घरचा काळा मसाला घालून परतावे, मग तुकडे टाकून कोरडे होईपर्यंत हलवावे. वरून कोथिंबीर. मीठ शेवटी, चव पाहून घालावे, कारण रक्तात मुळातच मीठ असते. कढई लोखंडी असली तर चांगलेच.

सोबत बाजरीची भाकरी आणि लिंबाची फोड घ्यावी. लिंबामुळे भाकरीतले लोह जास्त अंगी लागते. जेवणानंतर तासभर तरी चहा नको. मटकीची उसळ किंवा डाळही असू द्यावी. रक्तात प्रथिने पुष्कळ असली तरी आयसोल्युसिन नावाचा एक आवश्यक घटक त्यात फार कमी असतो, तो डाळीतून भरून निघतो. उरलेली रक्ती दुसऱ्या दिवसासाठी ठेवू नये. आठवड्यातून एकदा अर्धी वाटी पुरे.

कच्चे किंवा अर्धकच्चे रक्त ताकद येते म्हणून पिणारे काही बहाद्दर भेटतात. त्यांच्यासाठी एक माहिती. व्हिएतनाममध्ये डुकराच्या किंवा बदकाच्या कच्च्या रक्ताचा साकळवलेला पदार्थ खातात. तिथे डुकराच्या कच्च्या रक्तातून स्ट्रेप्टोकॉकस सुइस हा जंतू अंगात जाऊन मेंदूज्वर झाल्याची अनेक उदाहरणे नोंदली गेली आहेत. त्यातून वाचलेले कित्येकजण कायमचे बहिरे झाले.

कोणी खाऊ नये

थॅलेसेमियाच्या व वारंवार रक्त चढवावे लागणाऱ्या रुग्णांनी रक्ती खाऊ नये. त्यांच्या अंगात लोह आधीच जास्त साठलेले असते व ते हृदयाला आणि यकृताला इजा करते. मूत्रपिंडाच्या रुग्णांनी आपल्या डॉक्टरांना विचारल्याशिवाय खाऊ नये. अगदी लहान मुलांना देऊ नये. गर्भवतीने पूर्ण शिजवलेली, ताजी, बेताची खाल्ली तर हरकत नाही, पण गोळ्या चुकवायच्या नाहीत.

रक्ती खाल्ल्यावर एक-दोन दिवस शी काळी होते. घाबरू नये. पण रक्ती किंवा लोहाच्या गोळ्या न घेताही शी डांबरासारखी काळी, चिकट होत असेल, तर जठरात किंवा आतड्यात रक्तस्राव होत असण्याची शक्यता असते. त्याच दिवशी डॉक्टर गाठावा. शौचाची तपासणी करायची असेल तर आदले तीन दिवस रक्ती टाळावी आणि खाल्ली असल्यास तसे सांगावे, नाहीतर तपासणीचा निकाल चुकू शकतो.

रक्त कमी का झाले?

हा प्रश्न रक्तीच्या नादात राहून जातो. बाईची पाळी जास्त जाते का? मुलाला जंत आहेत का? शेतात अनवाणी फिरणाऱ्यांच्या आतड्यात अंकुशकृमी असतात, ते रोज थेंब थेंब रक्त पितात. त्यांची गोळी शाळा-अंगणवाडीत जंतनाशक दिनाला मिळते, ती मुलाला चुकवू देऊ नका. मूळव्याध आहे का? आणि पन्नाशी ओलांडलेल्या पुरुषाचे किंवा पाळी गेलेल्या बाईचे हिमोग्लोबिन उतरले असेल, तर जठराचा व्रण किंवा आतड्याचा कर्करोग नाही ना, हे पाहणे भाग असते. असा माणूस रक्ती खाऊन थोडे बरे वाटले म्हणून घरी बसला, तर मोलाचे महिने वाया जातात. काहींचा रक्तक्षय ब-१२ या जीवनसत्त्वाच्या कमतरतेने असतो. त्याला कितीही लोह दिले तरी उपयोग नाही.

शाकाहारी वाचकांनी निराश होऊ नये. मोड आलेली कडधान्ये, हरभरा, हिरव्या भाज्या, वर लिंबू आणि लोखंडी तवा-कढई यांतूनही लोह मिळते. आपल्या जिल्ह्याचे पीक असलेल्या बाजरीत मुळातच चांगले लोह आहे आणि जादा लोहाचे ‘धनशक्ती’ हे वाणही निघाले आहे. रक्त उतरले असेल तर गोळी सर्वांना सारखीच लागू पडते, तिला आहाराची अट नाही.

थोडक्यात, लक्षात ठेवा:

• रक्ती लोहाने समृद्ध आहे. ती खाण्यात कमीपणा नाही.

• निरोगी जनावर, स्वच्छ भांडे, तासाभरात चुलीवर आणि आतपर्यंत शिजवणे, या चार गोष्टींत तडजोड नको.

• स्त्रीचे हिमोग्लोबिन १२ च्या खाली, गर्भवतीचे ११ च्या खाली किंवा पुरुषाचे १३ च्या खाली असेल, तर कारण शोधून औषध घ्यावे.

हिमोग्लोबिनची तपासणी प्राथमिक आरोग्य केंद्रात होते. बोटाला टोचण्याइतकाच काय तो त्रास. घरातल्या कोणाला लवकर धाप लागत असेल, तोंड पांढरे दिसत असेल, माती किंवा खडू खावासा वाटत असेल, तर येत्या आठवड्यात ती करून घ्या. आणि रक्तीबद्दल डॉक्टरांना विचारायचे असेल, तर मोकळेपणाने, नेहमीच्या आवाजात विचारा.